ब्रूस फोर्साइथ: प्रेक्षकांतल्या माणसाला मंचावर कसं सांभाळावं?

मिरजेचा माइकवाला

नमस्कार मंडळी,

मी मिरजेत राहतो. नोकरी वेगळी आहे, पण गणपतीपासून लग्नसराईपर्यंत ऑर्केस्ट्रा, शाळांची गॅदरिंग, महिला मंडळांचे मेळावे असे कार्यक्रम असले की निवेदनाला मी असतो. आमच्याकडे दोन गाण्यांच्या मधे प्रेक्षकांतून चार-पाच जणांना वर बोलावून खेळ घेतात. डोळे बांधून टिकली लावणे, म्हणी ओळखणे, उखाणे, असले खेळ. अडचण नेहमी एकच येते. खाली बसून गप्पा ठोकणारा माणूस वर आला की थिजतो. त्याची थोडी फिरकी घेतली तर लोक त्यालाच हसतात आणि त्याचा चेहरा उतरतो. फिरकी घेतली नाही तर खेळ रंगत नाही, मागच्या रांगा उठून वडापावच्या गाडीकडे जातात.

माझा भाचा ब्रिटनमध्ये शिकतो. त्याने मला ‘स्ट्रिक्टली कम डान्सिंग’चे जुने तुकडे पाठवले. आपल्याकडची ‘झलक दिखला जा’ ज्या कार्यक्रमावरून आली तो हा. त्यात एक म्हातारे सूत्रसंचालक आहेत, ब्रूस फोर्साइथ. ऐंशीच्या आसपासचं वय, लांब हनुवटी, अंगात सूट. नाच चुकलेल्या, कमी गुण मिळालेल्या जोडीजवळ ते जातात, हळूच काहीतरी बोलतात, आणि रडवेली झालेली ती मुलगी खळखळून हसते. लोकही हसतात, पण तिला नाही. मी तो भाग पुन्हा पुन्हा पाहिला. नेमकं काय केलं ते हाती लागत नाही.

हा माणूस कोण, हे शिकला कुठे आणि इतकी वर्षं टिकला कसा? कुणी त्यांना त्यांच्या उमेदीच्या काळात पाहिलं असेल तर जरूर लिहा. मला हे मनापासून शिकायचं आहे.

सह्याद्रीचा वारा

माइकवाले, जुजबी माहिती देतो. जन्म २२ फेब्रुवारी १९२८, उत्तर लंडनमधलं एडमंटन. मृत्यू १८ ऑगस्ट २०१७. २०११ साली ‘सर’ झाले. पुरुष कलाकारांत टीव्हीवरची सर्वांत लांब कारकीर्द म्हणून गिनीजमध्येही नोंद झाली होती. याहून जास्त सांगायला आपल्या शाहूपुरीच्या काकू आहेत. त्या पन्नास वर्षं लेस्टरला आहेत आणि नाटकाच्या थिएटरात काम करायच्या. काकू, या धाग्यावर या.

शाहूपुरीची लेक

आले. माइकवाले दादा, हा प्रश्न तुम्ही विचारलात याचा मला फार आनंद झाला. ब्रूसबद्दल इथे सगळे प्रेमाने बोलतात, पण त्याच्या कामाबद्दल क्वचितच कुणी बोलतं. त्याची वाक्यं सगळ्यांना पाठ, हनुवटीच्या नकला सगळे करणार, पण तो मंचावर काय करायचा ते कुणी विचारत नाही. मी सविस्तर लिहिते.

आधी मी कुठून बोलते आहे ते सांगते. मी इथल्या एका थिएटरात कपडेपटात कामाला होते. हिवाळ्यात पँटोमाइम लागायची. ती मुलांसाठीची गाण्या-नाचाची, विनोदी नाटकं असतात आणि त्यांचा मुक्काम बरेच आठवडे चालतो. त्यात टीव्हीवरचा एखादा मोठा चेहरा असायचा, आणि त्याच्या मागे जुन्या व्हरायटी थिएटरांतून आलेली वयस्क मंडळी. मी त्यांच्या बाह्या उसवायचे, शिवायचे, आणि ते बोलत बसायचे. ब्रूसबरोबर मी कधी काम केलं नाही. पण तो ज्या वाटेने आला त्या वाटेवरच्या माणसांना मी खूप ऐकलंय.

व्हरायटी म्हणजे एका रात्री दहा-बारा नमुने. गायक, जादूगार, सायकलवरच्या कसरती, कुत्र्यांचे खेळ, नकलाकार, नर्तकी. बहुतेक ठिकाणी रोज दोन खेळ, एका गावात एक आठवडा, आणि रविवारी सगळा बाडबिस्तरा घेऊन आगगाडीने पुढचं गाव. जाहिरातीच्या कागदावर सगळ्यांत मोठ्या अक्षरांत मुख्य कलाकार, आणि खाली बारीक अक्षरांत नवखी पोरं. १९४२ साली, युद्धाच्या ऐन धामधुमीत, चौदा वर्षांचा ब्रूस अशाच बारीक अक्षरांत आला. बिल्स्टन गावच्या थिएटर रॉयलमध्ये, ‘बॉय ब्रूस, द मायटी अ‍ॅटम’ या नावाने. गाणं, नाच आणि अ‍ॅकॉर्डियन. बिल्स्टन म्हणजे वुल्व्हरहॅम्प्टनच्या शेजारी, आम्हाला फार लांब नाही. फ्रेड अ‍ॅस्टेअरचे सिनेमे पाहून या पोराने नाचाचा ध्यास घेतला होता. वडिलांचं गॅरेज होतं, घरचे सॅल्व्हेशन आर्मीवाले, धार्मिक. पण त्यांनी पोराला अडवलं नाही, उलट नाच शिकवला. १९३९ साली, युद्धाच्या आधी बीबीसीचं टीव्ही प्रक्षेपण जेमतेम थोड्या घरांत दिसत होतं, त्यावरही अकरा वर्षांचा असताना तो एकदा नाचून गेला होता. पुढे थोरला भाऊ जॉन हवाई दलात गेला आणि १९४३ मध्ये युद्धकाळात त्याला गमावलं. ब्रूस पंधरा वर्षांचा होता. त्यानंतरही दौरे चालूच राहिले.

आता हिशेब करा. १९४२ला सुरुवात आणि नाव झालं १९५८ साली. मधली सोळा वर्षं कुणी त्याला बघायला तिकीट काढलं नाही. लोक दुसऱ्याच कुणासाठी यायचे, हा मधे यायचा.

यातला सगळ्यांत कठीण वर्ग म्हणजे लंडनचं विंडमिल थिएटर. सोहोमधलं. तिथे दुपारपासून रात्रीपर्यंत एकामागोमाग एक खेळ चालत, दिवसाला पाच-सहा. आकर्षण होतं नग्न मुलींच्या स्थिर देखाव्यांचं. नाटकांवर देखरेख ठेवणाऱ्या अधिकाऱ्याचा नियम असा की त्या मुलींनी हलायचं नाही, पुतळ्यासारखं उभं राहायचं. दोन देखाव्यांच्या मधे विनोदवीर पाठवायचे. पुढच्या रांगेतला कुणी उठला की मागचे पुरुष खुर्च्यांवरून उड्या मारून पुढे यायचे, आणि त्या गोंधळात या बिचाऱ्याने विनोद सांगायचा. पेपर वाचत बसलेल्या माणसांसमोर. टॉमी कूपर, पीटर सेलर्स, हॅरी सेकोम हे सगळे तिथूनच तावून निघाले. आमच्याकडे येणारे एक जुने नट सांगायचे की विंडमिलमध्ये राहिलेला माणूस पुढे कुठल्याच प्रेक्षकाला घाबरत नाही. तुमच्या वडापावच्या गाडीकडे जाणाऱ्या रांगा ब्रूसने वीस-पंचवीस वर्षांचा असताना रोज पाहिल्यात.

पहिली पत्नी पेनी कॅल्व्हर्ट त्याला तिथेच भेटली, नर्तकी होती. १९५३ला लग्न झालं.

मग १९५८. आयटीव्ही या खासगी वाहिनीवर ‘संडे नाइट अ‍ॅट द लंडन पॅलेडियम’ नावाचा कार्यक्रम १९५५पासून चालू होता. रविवारी रात्री पॅलेडियमच्या भल्यामोठ्या नाट्यगृहातून थेट प्रक्षेपण. जगातले मोठे कलाकार यायचे, नर्तकींची रांग असायची, आणि शेवटी सगळेजण फिरत्या रंगमंचावर उभे राहून हात हलवायचे. त्याचं सूत्रसंचालन ब्रूसकडे आलं, आणि तीस वर्षांचा, फारसा कुणाला माहीत नसलेला हा माणूस घराघरांत पोचला. पण त्याला मोठं केलं ते मधल्या खेळाने. ‘बीट द क्लॉक’ असा एक भाग असायचा. साधी नवरा-बायको जोडपी वर यायची आणि घड्याळाच्या काट्याशी शर्यत लावून काहीतरी वेडंवाकडं करायची, फुगे, चेंडू, बशा. थेट प्रक्षेपण असल्यामुळे गोंधळ झाला की झाला. त्यात एकदा सगळंच हाताबाहेर गेलं तेव्हा ब्रूस ओरडला, ‘इथला कारभारी मी आहे!’ इंग्रजीतलं ते ‘आयम इन चार्ज’ देशभर लोक म्हणायला लागले. आणि गंमत बघा, ज्याच्या हातात काहीच राहिलेलं नाही असा माणूस ते म्हणत होता. वर आलेलं जोडपं गोंधळलेलं होतं, आणि त्याने स्वतःला त्यांच्याहून जास्त गोंधळलेलं दाखवलं. हसू त्या जोडप्यावरून उडून त्याच्या अंगावर आलं.

दादा, तुमच्या प्रश्नाच्या उत्तराची सुरुवात इथे आहे.

१९६१च्या डिसेंबरमधला एक प्रसंग सांगते. नटांच्या संघटनेचा आयटीव्हीविरुद्ध संप चालू होता, कलाकार मिळेनात. तेव्हा ब्रूस आणि विनोदी नट नॉर्मन विझडम या दोघांनीच पॅलेडियमचा अख्खा कार्यक्रम उभा केला. गाणी, नाच, वाद्यं, भिंतीला कागद चिकटवताना होणारी फजिती, सगळं दोघांत. तासभर थेट. असं सगळं येणारा माणूस केवळ बोलक्या जिभेवर पुढे आलेला नसतो. तो पियानो वाजवायचा, गायचा, टॅप नाचायचा. १३ ऑक्टोबर १९६३ला बीटल्स पॅलेडियमवर आले तेव्हाही सूत्रसंचालक तोच. सुरुवातीला त्यांना क्षणभर दाखवलं आणि मग ब्रूस किंचाळणाऱ्या प्रेक्षकांना म्हणाला, पुन्हा बघायचंय ना, मग अजून बेचाळीस मिनिटं थांबा. आता सांगा, नेमका आकडा का? ‘थोड्या वेळाने’ म्हटलं असतं तर लोक चिडले असते. बेचाळीस म्हटल्यावर हसले आणि थांबले.

आता १९७१कडे येते, कारण ते मी स्वतः पाहिलं.

बीबीसीवर ‘द जनरेशन गेम’ सुरू झाला. मूळ कल्पना हॉलंडच्या टीव्हीवरची. एकाच कुटुंबातल्या दोन पिढ्यांची जोडी, आई आणि मुलगा, काका आणि पुतणी, अशा चार जोड्या. एखादा कसबी कारागीर समोर येऊन आपलं काम मिनिटभरात करून दाखवायचा. कुंभाराच्या चाकावर मडकं, केकवर साखरेची नक्षी, एखादा लोकनृत्याचा प्रकार. मग या साध्या माणसांनी तेच करायचं. अर्थातच जमायचं नाही. शेवटी जिंकलेल्यासमोरून सरकत्या पट्ट्यावरून वस्तू जायच्या, चहाचं यंत्र, फाँड्यूचा संच, घड्याळ, आणि दर वेळी एक मऊ खेळणं. मग पंचेचाळीस सेकंदांत जेवढ्या आठवतील तेवढ्या वस्तू त्याच्या.

आमच्याकडे तेव्हा भाड्याचा काळापांढरा टीव्ही होता. सासूबाई कोल्हापूरहून आल्या होत्या. त्यांना इंग्रजीचं अक्षर येत नव्हतं, आणि बाहेरच्या थंडीने नि एकटेपणाने त्या मिटून गेल्या होत्या. शनिवारी संध्याकाळी मात्र त्या टीव्हीसमोर मांडी ठोकून बसायच्या. त्यांचं माहेर कुंभार गल्लीजवळचं. चाकावर माती धरायला गेलेल्या बाईचं मडकं फस्सकन आडवं झालं की त्या ओरडायच्या, ‘अगं पाणी लाव, पाणी!’ आणि ब्रूस त्या बाईच्या मागे उभा राहून कॅमेऱ्याकडे असं बघायचा, की बघा माझ्या नशिबी काय माणसं आलीत. सासूबाई मला म्हणाल्या होत्या, ‘हा तिला बोलतोय, पर तिचा हात सोडत न्हाई.’ मी तोवर फक्त हसत होते. त्या म्हणाल्या तेव्हापासून मी त्याचे हात बघायला लागले. खरंच, जिचं मडकं पडलंय तिच्या दंडाला किंवा पाठीला त्याचा हात असायचा. तिला एकटं उभं राहू द्यायचा नाही. टोमणा कॅमेऱ्याकडे तोंड करून, हात तिच्याकडे. आणि काम संपलं की मोठ्याने, लोकांना टाळ्या वाजवायला लावून, ‘काय छान केलं यांनी!’ हे ‘डिडन्ट ही डू वेल’ आजही इथे शाळेतली मुलं म्हणतात.

दोन कोटींहून जास्त लोक शनिवारी हा कार्यक्रम बघत. ब्रिटनची लोकसंख्या तेव्हा साडेपाच कोटींच्या आसपास. यावरून अंदाज करा.

तो टिकला कसा, याबद्दल माझं पक्कं मत आहे. व्हरायटीतल्या माणसाकडे बारा मिनिटांचा एक घोटीव नमुना असायचा. गावोगाव फिरत तोच दहा-पंधरा वर्षं चालायचा, कारण दर आठवड्याला प्रेक्षक नवा. टीव्ही आला आणि तो नमुना एका रात्रीत अख्ख्या देशाने पाहून टाकला. पुढच्या आठवड्याला काय करणार? आमच्या थिएटरात येणारी कितीतरी गुणी माणसं अशीच संपलेली होती. एका रात्रीत प्रसिद्ध झाले आणि त्याच रात्री हातातलं भांडवल खर्च झालं. ब्रूसचं भांडवल मात्र समोर येणारं माणूस होतं. दर शनिवारी आठ नवी माणसं, त्यांचे नवे घोटाळे. ते कसं संपेल?

विंगेतला

काकू, सुरेख लिहिलंत. पण मला थोडा विरोध नोंदवायचा आहे. मी हौशी एकांकिका बसवतो, या लोकांचं बरंच पाहिलंय. मोरकम आणि वाइज ही विनोदी जोडी, किंवा टॉमी कूपर, हे खरे कलावंत. कूपरच्या चुकणाऱ्या जादूमागे जादूची पक्की तयारी होती. एरिक मोरकमच्या एका चष्मा हलवण्यात नाटक होतं. फोर्साइथ त्यांच्या तुलनेत दुसऱ्यांच्या खेळांचा यजमान. परदेशातून कल्पना आणा, बक्षिसं मांडा, दोन ठरावीक वाक्यं म्हणा. आणि स्वतःला पुढे पुढे करणंही फार. १९७८ साली आयटीव्हीने त्यांच्या नावाचा एवढा मोठा कार्यक्रम काढला, तो आपटलाच ना?

शाहूपुरीची लेक

विंगेतला, तुमच्याशी वाद घालायला आवडेल. कूपर आणि एरिक यांच्याबद्दल तुम्ही म्हणता ते शंभर टक्के मान्य. एरिक गेला त्या दिवशी मी रडले होते. पण एरिकसमोर त्याचा जोडीदार अर्नी वाइज होता, आणि एडी ब्रेबनसारख्या लेखकाने शब्द न् शब्द लिहून दिलेला असायचा. तालमी व्हायच्या. ब्रूससमोर असायची तालीम न केलेली, घाबरलेली एक गृहिणी. ती काय बोलेल, कुठे वळेल, कुठल्या कॅमेऱ्याच्या आड येईल, काही ठाऊक नाही. तिच्याकडून हशा काढायचा, तिचा मान ठेवायचा आणि वेळेत संपवायचं. तुम्ही एकांकिका बसवता, तुम्हीच सांगा यातलं अवघड काय.

१९७८चा ‘बिग नाइट’ आपटला हे खरं. बीबीसी सोडून तो तिकडे गेला, शनिवारची अख्खी संध्याकाळ त्याच्या हवाली केली, वर्तमानपत्रांनी आधी डोक्यावर घेतलं आणि मग फाडून खाल्लं. एका मोसमात गुंडाळला. समोर बीबीसीवर तोच ‘जनरेशन गेम’ लॅरी ग्रेसनने घेतला होता आणि लोक तो बघत होते. मला विचाराल तर ‘बिग नाइट’मध्ये सगळं चकचकीत आणि मोठं होतं. हाताला पीठ लागलेली बाई जो आनंद द्यायची तो त्या झगमगाटात मिळेना. ती जखम त्याला खोलवर लागली असणार. पण दोनच वर्षांत तो ‘प्ले युअर कार्ड्स राइट’ घेऊन परत आला. मोठाले पत्ते, पुढचं पान वरचं की खालचं एवढंच ओळखायचं. खेळात काही म्हणजे काही नाही, सगळं त्या जोडप्यांशी बोलण्यात. आणि तो वर्षानुवर्षं चालला.

स्वतःला पुढे करण्याबद्दल: हो, करायचा. त्याला टाळ्या हव्या असायच्या, आणि ते तो लपवत नसे. मला त्यात काही वाईट वाटत नाही. चौदाव्या वर्षापासून दुसऱ्यांसाठी आलेल्या लोकांकडून टाळ्या मिळवाव्या लागलेल्या माणसाला ती भूक असणारच.

ऋजुता

मी इथे बर्मिंगहॅमला वाढले, माझ्या पिढीला फक्त ‘स्ट्रिक्टली’तले ब्रूसी माहीत. नंतर जुने भाग पाहिले तेव्हा एक गोष्ट खटकली. ‘जनरेशन गेम’मधली त्यांची सहकारी अँथिया रेडफर्न हिला दर वेळी गिरकी घ्यायला लावून ड्रेस दाखवायला सांगणं. ती सुंदर दिसते, पण ती तिथे फक्त त्याचसाठी. काकू, तुम्हाला तेव्हा कसं वाटायचं?

शाहूपुरीची लेक

ऋजुता, बरं झालं विचारलंस. तेव्हा मी तिच्या ड्रेसची शिलाई बघायचे, कारण माझं कामच ते. आज मात्र मलाही ते नकोसं वाटतं. अँथिया हुशार होती, स्पर्धकांना धीर देण्याचं निम्मं काम ती करायची, आणि तिच्या वाट्याला काय आलं तर गिरकी. पुढे १९७३ला दोघांनी लग्न केलं आणि नंतर ते मोडलंही. पत्त्यांच्या खेळातही पानं उलटायला तशाच मुली उभ्या असायच्या. त्या काळच्या टीव्हीवर सगळीकडेच हे होतं, पण म्हणून ते चांगलं ठरत नाही. ‘स्ट्रिक्टली’त सहसूत्रसंचालिका टेस डेली त्याच्या बरोबरीने उभी राहायची ते मला म्हणूनच आवडायचं.

मिरजेचा माइकवाला

काकू, तुमचे प्रतिसाद मी बायकोला मोठ्याने वाचून दाखवले. हात सोडत नाही, हे सासूबाईंचं वाक्य मी विसरणार नाही. आता दोन गोष्टी विचारतो. एक, इतकं सगळं झाल्यावर शहात्तराव्या वर्षी त्यांच्याकडे ‘स्ट्रिक्टली’ आलं कसं? दुसरं, त्या रडवेल्या मुलीला ते काय म्हणाले असतील? आवाज नीट येत नाही. आपल्याकडे ‘होम मिनिस्टर’मध्ये आदेश बांदेकर वहिनींना बोलतं करायचे तेही मी बारकाईने बघायचो, पण तिथे ते तिच्या घरी गेलेले असतात, ती आपल्या उंबऱ्याच्या आत असते. मंचावर आलेल्या माणसाचं काय?

शाहूपुरीची लेक

घर आणि मंच यातला फरक तुम्ही अगदी बरोबर पकडलात. घरी पाहुणा आपण असतो. मंचावर पाहुणा तो असतो, म्हणून यजमानाची जबाबदारी दुप्पट.

‘स्ट्रिक्टली’ची हकीकत अशी. नव्वदच्या दशकात ब्रूसने परत ‘जनरेशन गेम’ केला, मग ‘द प्राइस इज राइट’ केला. २०००च्या पुढे लोकांना वाटायला लागलं की याचा काळ संपला. २००३ साली ‘हॅव आय गॉट न्यूज फॉर यू’ या बातम्यांवरच्या बोचऱ्या विनोदी कार्यक्रमाला ठरलेला सूत्रसंचालक नव्हता, दर आठवड्याला पाहुणा यायचा. ब्रूसने स्वतःहून त्यातल्या पॉल मर्टनला फोन केला की मला बोलवा. पंचाहत्तरीचा माणूस, आयुष्यभर कुटुंबांसाठी केलेले कार्यक्रम, आणि तिथली मंडळी राजकारणावर तुटून पडणारी. हा गेला आणि त्यांच्या कार्यक्रमाचा स्वतःचा कार्यक्रम करून आला. इराकच्या युद्धाचे दिवस होते, अमेरिकन सैन्याने हव्या असलेल्या माणसांचे चेहरे खेळायच्या पत्त्यांवर छापले होते, त्यावर याने आपला पत्त्यांचा खेळ लावला. तिथल्याच इयन हिस्लॉपचा चेहरा बघण्यासारखा झाला होता. तरुण पिढीने त्याला नव्याने पाहिलं. मे २००४ला ‘स्ट्रिक्टली’ सुरू झालं. २०१०पासून त्याने निकालाचा भाग सोडला, २०१४ला शनिवारचाही सोडला. तेव्हा तो शहाऐंशी वर्षांचा होता. मधे २०१३ला पंच्याऐंशीव्या वर्षी ग्लॅस्टनबरीच्या संगीत महोत्सवात तरुण पोरांसमोर गाऊन आला, ते वेगळंच.

रडवेल्या मुलीला काय म्हणाला, हे त्या भागात मला ऐकू आलेलं नाही, पण त्याचं नेहमीचं एक वाक्य होतं. परीक्षकांनी झोडपलेल्या जोडीला जवळ घेऊन तो म्हणायचा, ‘तुम्ही माझे सगळ्यांत लाडके आहात.’ पुढच्या झोडपलेल्या जोडीलाही हेच. सगळ्या देशाला माहीत की हा प्रत्येकाला हेच सांगतो. म्हणून तर हसू यायचं, आणि तरीही ते ऐकून त्या पोरीचा जीव भांड्यात पडायचा. आणि हो, ते म्हणताना तो जोडीच्या आणि परीक्षकांच्या मधे उभा असायचा. तुमच्याकडे तो तुकडा आहे, बघा.

मी कपडेपटातली, म्हणून मला एक सवय आहे, आवाज बंद करून बघायची. शिवण फाटणार कुठे ते तसंच कळतं. तुम्हीही ब्रूसला आवाज बंद करून बघा. आधी १९६१चा नॉर्मन विझडमबरोबरचा कार्यक्रम शोधा, मग सत्तरच्या दशकातला कुठलाही ‘जनरेशन गेम’, शेवटी ‘स्ट्रिक्टली’. पाय कुठे आहेत, खांदा कुणाकडे आहे आणि मान कधी कॅमेऱ्याकडे वळते, एवढंच बघा. स्पर्धकाकडे त्याने पूर्ण पाठ केलेली तुम्हाला क्वचितच सापडेल.

विंगेतला

काकू, तुमचं ऐकून काल रात्री नॉर्मन विझडमबरोबरचा तुकडा आवाज बंद करून पाहिला. कागद चिकटवण्याच्या प्रवेशात विझडम पडतो, धडपडतो, सगळा हशा त्याला. फोर्साइथ जवळजवळ काहीच करत नाही, फक्त दर वेळी बरोबर त्या जागी असतो जिथून विझडमला पडता येईल. माझ्या पुढच्या तालमीत मुलांना हे दाखवणार आहे. दुसऱ्यांच्या खेळांचा यजमान, हे माझे शब्द मी मागे घेतो.

मिरजेचा माइकवाला

काकू, नवरात्रात एका महिला मंडळाचा कार्यक्रम आहे. डोळे बांधून टिकली लावायचा खेळ नेहमीसारखा ठेवलाय. आजवर मी त्यात बाजूला उभा राहून माइकवरून डावीकडे, उजवीकडे असं सांगायचो. या वेळी डोळे माझेही बांधून घेणार आहे. मावशी आणि मी दोघेही चाचपडत, आणि रस्ता सांगायचं काम खालच्या बायकांकडे. चालेल का?

शाहूपुरीची लेक

पळेल! फक्त माइकची वायर आधी गोळा करून घ्या, आणि त्या मावशींचं नाव वर येतानाच विचारून पाठ करा. ब्रूस आठही जणांची नावं घेऊनच बोलायचा.